पेरूच्या गोष्टीची चार पानं

१

६ सप्टेंबर २००५, मंगळवार, दुपारचे चार वाजून दहा मिनिटं. एवढी पक्की वेळ सांगते, कारण लातूरला आमच्या गल्लीची लाइट रोज चार दहालाच जायची. भारनियमनाच्या कागदावर चार लिहिलेलं होतं, पण ती दहा मिनिटं आशा लावायची अन् मग जायची. आणि नेमकी चारलाच समोरच्या क्लासची बॅच सुटायची. शंभर-दीडशे पोरं एकदम आमच्या झेरॉक्सच्या दुकानावर. "काकी, ह्याच्या दोन." "काकी, बॅक-टू-बॅक." "काकी, माझं आधी, मला औशाची बस हाय." पंचवीस वर्षांची मी, अन् मिशा फुटलेली पोरं मला काकी म्हणून राहिलीत.

दुकान म्हणजे आमच्या घराचीच पुढची खोली. मशीन नाजूचे अब्बा बघतात, म्हणजे माझे मालक, मुज्तबा. बाइंडिंग, कटिंग, पानं जुळवणं माझ्याकडं. स्वयंपाक माझ्याकडं. साडेतीन वर्षांची नाजिया, जिला सगळे नाजू म्हणतात, ती माझ्याकडं. सासूबाईंचे गुडघे माझ्याकडं. अल्लाह सगळं बघतो म्हणतात, पण भांडी घासायला येत न्हाई.

त्या गर्दीत दत्तोपंत सर उभे होते. कॉलेजात इंग्रजी शिकवून रिटायर झालेले, सत्तरीचे, हात थरथरणारे. काउंटरवर त्यांनी नाडीनं बांधलेला कागदांचा गठ्ठा ठेवला अन् नाडी सोडली. तेवढ्यात लाइट गेली. पोरं ओरडली, कुणीतरी कुणाला ढकललं, अन् गठ्ठा खाली. अडीचशे पानं पोरांच्या चपलांखाली पसरली.

मी गुडघ्यावर बसून गोळा केली. बघते तर एकाही पानावर नंबर न्हाई.

"सर, नंबर?"

"घालायचे राहिले, पोरी. एका बैठकीत थोडंच लिहिलंय? नऊ वर्षं लागली."

नऊ वर्षांत नंबर टाकायला एक दुपार गावली न्हाई, हे मी मनात म्हणाले. तोंडानं म्हणाले, "असू द्या सर, मी लावते."

"आहे काय पण हे?" नाजूच्या अब्बांनी विचारलं.

"कॅरिबियन बेटांवरच्या मूळ लोकांच्या गोष्टी. वेस्ट इंडीज."

"म्हणजे क्रिकेटवाले?"

"क्रिकेटवाल्यांच्या आधीचे. बोटीतून गोरे उतरले तेव्हा किनाऱ्यावर उभे होते, ते. पन्नास-साठ वर्षांत जवळजवळ संपले. गोष्टी तेवढ्या उरल्या. आज तिकडचे मोठमोठे लेखक ह्याच गोष्टी उकरून कादंबऱ्या लिहितात."

"लोक गेले अन् गोष्टी राहिल्या? मग त्या ऐकणारं कोण राहिलं?"

सर हसले. "आता तुम्ही."

२

नंबर नसलेली पानं लावायची एकच रीत आहे. एका पानाची शेवटची ओळ वाचायची अन् तिला पुढं चालवणारी पहिली ओळ दुसऱ्या पानावर शोधायची. म्हणजे सगळं वाचावं लागतं. माझी सातवी झालीय, वाचता चांगलं येतं, पण सरांचं अक्षर म्हणजे मुंगळे शाईतून चालत गेलेले. चार ते सात लाइट नसायची, तेव्हा मी हेच करायची.

बसायची जागा सांगायला पाहिजे. आमच्या घरामागं छोटं आंगण आहे. तिन्ही बाजूंनी पुरुषभर उंच भिंत, वर काचा लावलेल्या, मधे एक पेरूचं झाड. आंगणात जायला एकच वाट, कागदाच्या खोलीतून. त्या खोलीला खिडकी न्हाई. ओल लागू नये म्हणून ठेवलीच न्हाई. एक दार घरात, एक आंगणात. दोन्ही लावली की भर दुपारी आपलाच हात दिसत न्हाई. मी आंगणाकडच्या उंबऱ्यावर बसायची, पानं मांडीवर, नाजू झाडाखाली.

गोष्टी काय, एकेक डोकं फिरवणारी. एका बापानं आपल्या मेलेल्या पोराची हाडं वाळक्या भोपळ्यात घालून घराला टांगून ठेवली. एक दिवस भोपळा खाली घेतला तर हाडांचे मासे झालेले. मग कुणाच्या तरी हातून भोपळा फुटला, अन् त्यातून जे पाणी निघालं तो समुद्र. मी म्हणाले, ह्या बेटांवर सगळ्या घरात आमच्यासारखीच धांदल दिसती.

मग पेरूची गोष्ट आली. चार पानं. ती चार लगेच एकमेकांना लागली, शोधावी लागली न्हाईत.

त्या लोकांचे मेलेले कुठं जात न्हाईत, असं त्यात होतं. दिवसा लपून राहतात. अंधार झाला की बाहेर येतात अन् पिकलेले पेरू खातात. जिवंत माणसांत येऊन बसतात, हसतात, बोलतात, शेजारी निजतात. सगळं आपल्यासारखं. फक्त बेंबी नसती. म्हणून अंधारात कुणाला जवळ घ्यायच्या आधी पोटावर हात फिरवून बघायचा. न बघता मिठी मारली, तर हातात झाडाची फांदी उरती.

आता, नाजू जेवत न्हाई. एका घासाला एक गोष्ट लागती, अन् माझ्याकडच्या गोष्टी संपून दोन महिने झाले होते. त्या दिवशी वरण-भात घेऊन तिच्या मागं फिरता फिरता माझा जीव मेटाकुटीला आला अन् मी तीच सांगितली. पण मेलेल्या माणसांची गोष्ट लेकराला जेवताना सांगायची न्हाई, असं आमच्यात आहे. म्हणून तेवढं काढून टाकलं.

"एक लोक असतात. लई भुकेले. त्यांना पेरू लई आवडतो. आपण पेरू ठेवला की येतात. आपल्यासारखेच दिसतात, फक्त त्यांना बेंबी नसती."

नाजूनं सगळी वाटी संपवली. मी खूश. मग रोज हीच गोष्ट चालली. 'मेलेले' हा शब्द मी काढला, अन् त्याच्यासोबत 'जपून राहा' हे पण निघून गेलं, हे काही माझ्या ध्यानात आलं न्हाई. ठेवला की येतात, एवढं राहिलं.

३

दुसऱ्या दिवसापासून पोरगी लोकांच्या बेंब्या बघायला लागली.

आधी सासूबाई. फरीदाबी म्हणतात त्यांना गल्लीत, मोठा दरारा. नमाज पढून उठल्या तर ही समोर. "दादी, दिखाव."

"क्या दिखाव?"

हिनं त्यांचा कुर्ता वर केला. घरभर बोंब. "सबिहा! यह क्या सिखाई गे बच्ची कू? सातवी पढी सो यही पढी क्या?"

मग दूधवाले शरणप्पा. निलंग्याकडचे, बोलण्यात अर्धं कन्नड, स्वभावानं देवमाणूस. त्यांनी कॅन खाली ठेवला, बनियन वर केलं अन् म्हणाले, "बघ गं अव्वा, हाय का न्हाई? नीट बोट घालून बघ." नाजूनं खरंच घालून बघितलं. "हाय," म्हणाली, अन् मग दूध आत घेऊ दिलं. मला तोंड लपवायला जागा न्हाई.

नाजूचे अब्बा हसून हसून लोळले. ह्यांना काय जातं. उद्या क्लासच्या पोरींचे कुर्ते वर करायला लागली तर त्यांचे बाप दुकानात येतील, ते मला बघावं लागलं.

शनिवारी दुपारी आंघोळ घालून मी तिच्या बेंबीत तेल सोडत होते. रोज एक थेंब सोडते. माझी आई सोडायची, सासूबाई पण सांगतात, डोळे थंड राहतात, पोट दुखत न्हाई. नाजू उताणी पडून वर बघत होती.

"अम्मी, तिला न्हाई."

"काय न्हाई?"

"बेंबी."

"कुणाला?"

"ती येती न, तिला. मी बोट लावून बघितलं." मग तिनं माझा हात धरला अन् बोट स्वतःच्या गालावर फिरवलं. "असं हाय. गालासारखं."

मी तेलाच्या बाटलीला झाकण लावलं. "खोटं बोललं की काय होतं?"

"जीभ काळी होती," म्हणाली, अन् जीभ काढून दाखवली. गुलाबी होती.

४

मी बावळट न्हाई. विचार केला.

एक, लेकरं असंच बोलतात. गोष्ट मीच भरवली, तीच बाहेर येऊन राहिली.

दोन, पलीकडं पोरींचं होस्टेल आहे. तिथं स्वयंपाकाला येणाऱ्या बाईची लेक असेल. भिंतीवर काचा आहेत, पण लेकरं कुठूनही येतात. पेरूसाठी तर येणारच.

म्हणून विचारून आले. बाई म्हणाली, "मला कुठली लेक? दोन ल्योक हायत, दोघं अहमदपूरला मामाकडं."

बरं, मग दुसऱ्या कुणाची.

नाजूला विचारलं, दिसती कशी. म्हणाली, माझ्याएवढी, थोडी मोठी. केसात पांढरी माती. मी म्हणाले, झालं, कागदाचा भुस्सा. कटिंग मशीनखाली भुस्स्याचा ढीग असतो, नाजूच्या स्वतःच्या केसात रोज सापडतो. दोघी कागदाच्या खोलीत लपाछपी खेळत असतील.

"भुस्सा न्हाई," नाजू म्हणाली. "माती. पडती."

आता पेरू. उंबऱ्याजवळ नाजू रोज एक पिकलेला पेरू ठेवायची, एका डब्याच्या झाकणावर. पेरू तसाच राहायचा, म्हणून मी निर्धास्त होते. कुणी येत असतं तर खाल्ला असता. रविवारी ते झाकण उचलायला गेले अन् पेरू हातात घेतला तर वजनच न्हाई. फुग्यासारखा. साल पिवळी, अख्खी, देठ जागच्या जागी, कुठं भोक न्हाई, दात न्हाई. विळीवर धरला. आत काही नव्हतं. गर न्हाई, बी न्हाई. वाळलेली साल, आतून स्वच्छ, धुतलेल्या वाटीसारखी.

कीड, मी म्हणाले. यंदा पाऊस लांबला, कीड लई आहे. पण कीड लागली तर भोक असतं. मग मुंग्या. पण मुंग्यांना पण वाट लागती.

कालचा पेरू मी उकिरड्यावर टाकला होता. जाऊन बघितला. तो पण तसाच. परवाचा पण. तिन्ही एकात एक बसवून ठेवता आले असते.

सासूबाईंना दाखवलं. त्यांनी दुरून बघितलं. "फेक दे," म्हणाल्या, अन् त्या दिवशी पहिल्यांदा मला काही बोलल्या न्हाईत.

५

सोमवारी सर आले, पानं लागली का बघायला. त्यांना पाच कॉप्या पाहिजे होत्या. पाचही झेरॉक्स झाल्या होत्या, बाइंडिंग राहिलं होतं. मी त्यांना स्टूल दिलं अन् सरळ विचारलं.

"सर, ती पेरूची गोष्ट. त्या लोकांना घालवायचं कसं?"

"कुणाला?"

"ते बेंबी नसलेले. काही मंतर, काही रीत?"

सरांनी चष्मा पुसला. "घालवायची रीत कुठं सांगितलेली नाही, पोरी. मीही शोधली. ओळखायची तेवढी सांगितली आहे."

"हे काय झालं? अर्धीच गोष्ट?"

"त्यांना घालवावंसं वाटत नसेल," सर म्हणाले. "आपलीच माणसं ना."

शिकलेल्या माणसाचं हे असं असतं. आपण औषध विचारावं, त्यांनी आजाराचं नाव सांगावं.

त्या दिवशी तेल सोडताना मी नाजूला विचारलं. रागावून न्हाई, गोडीनं.

"ती बोलती का गं तुझ्याशी?"

"हं. ती म्हणती, तुझी अम्मी झोपताना पाय टाकती."

"कुठं?"

"तिच्या अंगावर. लई जड पाय हाय म्हणती."

मला एक बहीण होती. हे नाजूला आम्ही कधी सांगितलेलं न्हाई. घरात फोटो न्हाई, नाव न्हाई. तस्लीम. चार वर्षांची होती. आमचं गाव औसा तालुक्यात, किल्लारीच्या बाजूला. गावाचं नाव लिहीत न्हाई, आता ते उचलून दुसऱ्या जागी बसवलंय अन् घरांना नंबर दिलेत. मी सातवी पास होऊन आठवीत गेले होते. दगड-मातीचं घर, वर छताला हातभर पांढऱ्या मातीचं धाबं. तस्लीम माझ्याजवळ झोपायची, अन् मी तिच्यावर पाय टाकायची, ती रोज अम्मीकडं गाऱ्हाणं करायची. भूकंपाच्या त्या पहाटे धाबं खाली आलं. किती वेळ गेला ठाऊक न्हाई. वरून कुणीतरी माझा हात धरून ओढलं, अन् माझ्या दुसऱ्या हातात तिचा हात होता. मी सोडला का सुटला, हे मला कुणी विचारलं न्हाई. तीन दिवस उकरलं. पाऊस लागला. मग वरून माती सारली. शाळा पण त्याच मातीत गेली, म्हणून माझी सातवीच राहिली.

पण बहिणी बहिणींवर पाय टाकतातच. सगळ्या जगात टाकतात. नाजू माझ्याजवळ झोपती, मी तिच्यावर टाकत असेन. तिचंच ती दुसऱ्याच्या नावानं सांगून राहिली. मी स्वतःला हे दोनदा समजावलं.

"अजून काय म्हणती?"

"चल म्हणती."

"कुठं?"

"तिच्या घरी. तिथं झोपायला जागा हाय, पण कुणी न्हाई म्हणती." नाजूनं जांभई दिली. "जाऊ?"

"न्हाई."

"थोडं?"

"नाजू, एक ठेवून देईन!"

ती रडली. मी पण. सासूबाई आतून ओरडल्या, आता काय झालं म्हणून. मी म्हणाले काही न्हाई, तेल डोळ्यात गेलं.

६

मंगळवार, १३ तारीख. मी ठरवलं होतं, पोरीला नजरेआड करायचं न्हाई. कागदाच्या खोलीचं आंगणाकडचं दार मी सकाळीच कडी घालून लावलं. पेरू सगळे तोडून शरणप्पांना देऊन टाकले, हिरवे पण. नाजूला दुकानातच गोणपाटावर बसवलं, हातात खडू दिला.

चारला बॅच सुटली. दुसऱ्या दिवशी त्यांची टेस्ट होती, म्हणून नेहमीपेक्षा दुप्पट पोरं. "काकी, स्टेपल." "काकी, हे पान उलटं आलं." "काकी, सुट्टं न्हाई." मशीनची पिन अडकली, नाजूच्या अब्बांनी माझ्या नावानं हाक मारली, जशी ती पिन मीच घातली होती. सासूबाईंनी आतून चहा मागितला. मी पानं ठोकून सारखी करत होते. लाइट गेली.

गोणपाट रिकामं होतं.

मी घरात धावले. सासूबाई पलंगावर. मोरी बघितली. कागदाच्या खोलीचं घराकडचं दार अर्धं उघडं. मी आत गेले अन् माझ्या पदराला लागून ते मागं लागलं.

काळोख. नव्या कागदाचा वास. अन् चावण्याचा आवाज. पेरूच्या बिया दाताखाली येतात तसा, करकर. त्या घरात एक पेरू उरला नव्हता.

"नाजू?"

"हं."

एक हं डावीकडून आलं. एक उजवीकडून, जरासं मागाहून, पहिलं ऐकून शिकल्यासारखं.

मी तिथंच खाली बसले. डोकं म्हणत होतं, कोपऱ्यात आवाज घुमतो. रिकाम्या खोलीत घुमतो, पण ही खोली छतापर्यंत कागदानं भरलेली. दोन हात फरशीवरून पुढं नेले. डाव्या हातात एक छोटा हात आला. उजव्या हातात एक आला. दोन्ही चिकट, दोन्हीला पेरूचा वास. दोघी जवळ सरकल्या. दोघींचा श्वास माझ्या तोंडावर.

मला आता हसू येईल असं वाटलं. मी दोन्ही हातांनी दोन्ही झबली वर केली. रोजचं काम असल्यासारखं.

डावीकडं माझं बोट खोलगट जागी गेलं, दुपारच्या तेलानं अजून ओली होती.

उजवीकडं हात फिरत राहिला. वर, खाली, परत वर. कुठं थांबायला जागाच न्हाई. गालासारखं. अन् गार नव्हतं. गार असतं तर बरं झालं असतं. उबदार होतं, झोपेतून उठलेल्या लेकरासारखं, अन् माझ्या हाताखाली श्वास घेऊन राहिलं होतं. हातावर बारीक काहीतरी सांडलं. कोरडं, मातीसारखं.

मी डावीकडचीला उचललं, छातीशी धरलं अन् उठले. उजवा हात सोडवून घेतला. ह्या वेळी मी सोडला. हे मला ठाऊक आहे.

दाराशी पोचले तेव्हा मागून आवाज आला. तस्लीमला माझं नाव येत नव्हतं. सबिहाचं ती बिहा करायची. तिच्याशिवाय मला कुणी बिहा म्हणालेलं न्हाई.

"बिहा, आन् मी?"

अन् मी काय म्हणाले? कलमा पढायला पाहिजे होता, किंचाळायला पाहिजे होतं, गप्प राहायला पाहिजे होतं. पण सकाळपासून चहा, स्टेपल, दूध, पिन, पन्नास लोक पन्नास बाजूंनी हाका मारून राहिलेले, अन् सगळ्यांना मी जे सांगत होते तेच तोंडातून गेलं. त्याच वैतागलेल्या आवाजात.

"थांब गं, आले!"

"बरं," ती म्हणाली.

७

नाजूचे अब्बा टॉर्च घेऊन आत जाऊन आले. कुणी न्हाई. आंगणाकडची कडी आतून तशीच. फक्त भिंतीकडचे कागदाच्या रिमचे गठ्ठे सरकलेले, मधे फरशी मोकळी. "तू सारले का?" म्हणाले. मी न्हाई म्हणाले. त्यांनी परत लावले. दुसऱ्या दिवशी परत सरकलेले. तिसऱ्या दिवशी पण. "सबिहा, रोज रोज किती वेळा लावू हे गठ्ठे? कंबर गेली माझी." मी त्यांना जागेचं माप सांगितलं न्हाई. पहिल्या दिवशी एक लेकरू मावेल एवढी होती. आता लेकरू अन् त्याच्याजवळ एक बाई आडवी होऊ शकती.

नाजू ठीक आहे. जेवती. कुणी येत न्हाई म्हणती. मी विचारलं, का येत न्हाई, तर म्हणाली, "ती तुझी वाट बघून राहिली न." नाजूला आता ती बोलावत न्हाई. एवढं माझ्या मनासारखं झालं. त्याच्या बदल्यात मी शब्द देऊन बसलेय, अन् तो तिनं खरा मानलाय. ती चार वर्षांची आहे. त्या वयात खरंच मानतात.

सरांच्या पाचही कॉप्यांतून मी ती चार पानं काढून बाइंडिंग केलं. सरांनी पुस्तक चाळलं, त्या जागी बोट ठेवून थांबले, माझ्याकडं बघितलं अन् पुस्तक पिशवीत टाकलं. त्यांची हातानं लिहिलेली चार पानं मी त्यांना वेगळी दिली.

काम संपलं असं मला वाटलं होतं. मग परवा एक पोरगी आली, निलंग्याची, क्लासला इथं राहती. तिनं वही उघडून गणित दाखवलं अन् म्हणाली, "काकी, मागं छापलेली गोष्ट कुणाची हाय? मी गावी गेले तेव्हा माझ्या भाचीला वाचून दाखवली. लई आवडली तिला. पण शेवटचं पान न्हाई माझ्याकडं."

झेरॉक्स करताना पानं फिकी येतात, तिरपी येतात, शाई फासली जाती. एका बाजूनं कोरी असलेली ती पाठकोरी पानं आम्ही फेकत न्हाई. काउंटरवर ठेवतो, क्लासची पोरं कच्ची गणितं सोडवायला घेऊन जातात. पेरूची चार पानं मशीननं लई खराब काढली होती. नाजूचे अब्बा म्हणाले, पंधरा-वीस वेळा काढावी लागली, प्रत्येक वेळी काळी यायची. ती सगळी गेली. औशाला, अहमदपूरला, निलंग्याला, पार देगलूरला. अन् जपून राहा, हे चौथ्या पानावर आहे.

म्हणून हे लिहिलं. तुमच्या घरी लातूरला शिकणारं कुणी असेल तर त्याच्या वह्या बघा. एका बाजूला गणित अन् दुसऱ्या बाजूला पेरूची गोष्ट असं पान निघालं, तर ते लेकरांना वाचून दाखवू नका. वाचून झालं असेल, तर त्यांना सांगा की ते लोक मेलेले आहेत. मी लाजले, तुम्ही लाजू नका. घरातले पिकलेले पेरू मोजून ठेवा, अंधारात लेकरू उचलताना आधी पोटावर हात फिरवा. ज्यांच्या घरातलं कुणी त्या पहाटे मातीत राहिलं अन् सापडलं न्हाई, त्यांच्यापर्यंत हे आधी पोचवा. वाचता येत न्हाई त्यांना वाचून दाखवा. बसमध्ये शेजारी बसलेल्या बाईला सांगा.

अन् तुमच्या नावानं हाक आली तर काही पण म्हणा, नसता गप्प राहा. येते म्हणू नका. एवढं सगळ्या आयांना सांगा. मला अजून किती दिवस सांगता येईल, ठाऊक न्हाई.